तात्यांची दाढी

ती. अवदोत्याअक्का,

तू निरोप धाडून विचारलंस, तात्यांच्या शवपेटीत त्यांची दाढी ठेवलीस ना? मी निरोप्याला "हो" म्हणालो. खरं इथे लिहितोय, पण हे पत्र धाडणार नाही. तू ते पाद्र्याकडून वाचून घेशील आणि अख्खं गाव ऐकेल.

त्सारच्या दाढीबंदीच्या हुकमाने मॉस्कोच्या वेशीवर शिपायांनी तात्यांची दाढी उतरवली, तेव्हा त्यांनी केस न् केस वेचून रुमालात बांधला. मला म्हणाले, "सावा, तू झालास परदेशी कोंबडा, तुझं तू बघ. मला मात्र दाढीसकट पूर. नाहीतर वर संत निकोलाय विचारेल, हा सोललेला कांदा कुणाचा?"

मी हसून कबूल झालो.

पण अंत्यविधीला माझे जर्मन साहेब येणार होते. त्यांच्यापुढे गावंढळपणा नको, म्हणून मी तात्यांच्या गालांवरचे वाढलेले खुंट काढून घेतले, अंगात जर्मन कोट चढवला, डोक्यावर माझा केसांचा टोप घातला. रुमाल उशाशी ठेवणार, तेवढ्यात साहेब आत आले. मी तो झटकन खिशात कोंबला. साहेब म्हणाले, "किती रुबाबदार दिसतायत!" मी त्यांच्याच भाषेत आभार मानले.

रुमाल अजून खिशातच आहे.

अक्का, झाकण ठोकण्याआधी शेवटचा मुका घ्यायला वाकलो, तर वाटलं, आपण भलत्याच माणसापाशी आलोय. पोटच्या पोराला बाप ओळखू आला नाही. मग संत निकोलायला कसा येणार?

तुझा गुळगुळीत गालांचा भाऊ,
सावा