तुमच्या दगडावरची सुटी अक्षरं

अब्बा, काल दुपारी तुमच्या कबरीचा दगड मी पहिल्यांदा पाहिला, आणि तोही फोनवर. आपल्यात बायका कबरस्तानात जात नाहीत, त्यामुळे बारा वर्षं मी तो मनातल्या मनातच पाहत आले. भावाने काल दगड घासूनपुसून साफ केला आणि कौतुकाने फोटो पाठवला. मी दुकानात होते. उरवड्याच्या कंपनीतला एक कामगार समोर बसला होता, त्याच्या फोनवर अरबी काही केल्या उमटत नव्हतं. त्याला कीबोर्ड चढवून दिला, भाषा बदलायचं बटण दाखवलं, आणि तो दुआ टाइप करून बघतोय तोवर मी फोटो उघडला. तुमच्या नावातलं एकही अक्षर दुसऱ्याला जोडलेलं नाही. सगळी सुटी सुटी, आणि वर उलटी, डावीकडून उजवीकडे निघालेली. बारा वर्षं तुमच्या उशाशी जे उभं आहे ते तुमचं नावच नाही, अब्बा. समोरचा माणूस विचारत होता, "ताई, काय झालं?"

पिरंगुटच्या नाक्यावर तुम्ही दुकानांच्या पाट्या रंगवायचात आणि सकाळी पडवीत पोरांना अरबी शिकवायचात. मी सहा-सात वर्षांची असेन. अम्मी भाकरी थापतेय, आणि मी परातीतल्या पिठात बोटाने तुमचं नाव लिहितेय. तुम्ही डोकावता, एक अक्षर मी सुटं ठेवलंय ते तुम्हाला लगेच दिसतं, आणि तुम्ही तळव्याने सगळं नाव पुसून टाकता. "ही हात धरून चालत्यात, पोरी. हात सुटला की हरवत्यात. आन लिवलेलं वाचल्याबिगर कुणाच्या हातात द्यायचं न्हाई." मी रडले होते. पुढे फ्लेक्स आले, तुमचं पाट्यांचं काम बसलं, आणि तुम्हीच कुठूनतरी जुना कॉम्प्युटर उचलून आणलात. "माझा ब्रश ऱ्हाऊ दे आता. तू ह्याच्यावर शीक." त्यावर मी पहिल्यांदा अरबी टाइप केलं तेव्हा तुम्ही चष्मा पुसून पुसून पडद्याकडे पाहत होतात.

आज भुकूमपासून ताम्हिणीपर्यंत कुणाचं अरबी अडलं की लोक माझ्याकडेच येतात. लग्नपत्रिका, मशिदीची पाटी, कुणाचा फोन. माझ्याकडे नीट दिसणारा मजकूर दुसऱ्याच्या जुन्या सॉफ्टवेअरमध्ये गेला की अक्षरं तुटतात आणि उलटी लागतात, हे मी आता झोपेतही सांगेन. म्हणून मी मजकूर तसा देतच नाही, त्याचं चित्र करून देते. हे शहाणपण मला तुमचा दगड कोरून झाल्यानंतर, दुसऱ्यांच्या कामांतून आलं. तुमचं नाव मी दगडवाल्याला नुसतं टाइप करून पेन ड्राइव्हवर पाठवलं होतं.

भावाला फोन लावला. "इतकी वर्षं तुला दिसलं न्हाई?"

"मला कुटं अरबी वाचता येतंय? आमी डोळं मिटून फातिहा पढतो आन येतो. तू दिलंय म्हंजे बरोबरच आसंल, आसंच समदी म्हनायची."

"बाकीच्यांना तरी?"

"कुनी बोललं न्हाई. अब्बांच्या पोरीचं काम हाय म्हनून लाजंनं गप बसलं आसतील."

तुम्ही ज्यांना शिकवलंत तेच तुमच्यासमोर उभं राहून, सगळं दिसत असताना गप्प राहिले, आणि तेही माझी लाज राखायला. मग भावाने दगडवाल्याला यथेच्छ शिव्या घातल्या. मी ऐकून घेतल्या.

नव्या दगडाचा मजकूर आज करून ठेवला. चित्र करूनच. तीनदा वाचला, बोट ठेवून, उजवीकडून.

हे पत्र कुठे पाठवायचं नाही, म्हणून एवढं लिहिते. बारा वर्षांपूर्वी दगडवाल्याने कोरण्याआधी नमुन्याचा कागद पाठवला होता, अब्बा. तुमच्या नावाआधी 'मरहूम', म्हणजे वारलेले, असं असणार हे मला ठाऊक होतं, तेच माझ्याच्याने बघवेना. मी कागद उलटा केला आणि मागच्या कोऱ्या बाजूवर 'बरोबर आहे' लिहून सही केली. भावाला हे अजून सांगितलेलं नाही.