दोनशे चाळीस हप्ते

शनिवार, १२ फेब्रुवारी १९७२

सातवीचा वार्षिक पेपर काढत होते. व्याजाचं एक उदाहरण कमी पडत होतं. म्हटलं, दरवर्षी त्या रामराव-गोविंदरावांना कशाला कर्ज काढायला लावायचं, या खेपेला आपलंच घालू. मुद्दल बारा हजार. दर द.सा.द.शे. नऊ. मुदत वीस वर्षं. हप्ता दरमहा एकशे आठ. तर एकूण रक्कम किती भरावी लागेल?

उत्तरासाठी एकशे आठला दोनशे चाळीसने गुणलं. पंचवीस हजार नऊशे वीस. हातचा चुकला असेल म्हणून पुन्हा गुणलं. तेच आलं. बारा हजारांच्या दोन खोल्या, आणि पंचवीस हजार नऊशे वीस!

मग नादच लागला. महिन्यामागून महिना मांडत गेले. पहिल्या एकशे आठातले नव्वद व्याजाचे. अठरा — फक्त अठरा — घराचे. दुसऱ्या महिन्यात अठरा रुपये तेरा पैसे. असे चोवीस हप्ते झाले. भरले दोन हजार पाचशे ब्याण्णव, आणि त्यातून घराचे फिटले चारशे एकाहत्तर रुपये एकोणचाळीस पैसे. एवढ्यात तर नुसती दारं-खिडक्याही होत नाहीत.

अकरा वर्षं मी पोरींना व्याज शिकवते. माझ्या मागे त्या मला ‘दसादशेबाई’ म्हणतात, मला ऐकू येत नाही असं त्यांना वाटतं. आणि ही दसादशेबाई सही करताना एकदाही गुणाकार करत नाही!

का केला नाही? कारण दानीएल मास्तर म्हणाले होते. मास्तर घरबांधणी संस्थेचे सेक्रेटरी आहेत, पण त्याच्या कितीतरी आधी ते माझे मास्तर. द.सा.द.शे. मला त्यांनीच शिकवलं. कागदावर बोट ठेवून म्हणाले, “भाडंच समज, मार्था. भाडं पाण्यात जातं, हे भिंतीत राहतं.” मी सही केली. गुरूच्या गणिताचा ताळा कोण पाहतं?

ते उदाहरण पेपरात घातलं नाही.

रविवार, १३ फेब्रुवारी

देवळात बायबलातलं शास्त्रवाचन मास्तरांचंच होतं. एरवी त्यांचा आवाज ऐकला की बरं वाटतं. आज सारखे अठरा रुपये तेरा पैसेच ऐकू येत होते. एक मात्र समाधान आहे, माझे हजार वेगळे भरलेले आहेत. ते थेट मुद्दलात गेलेत.

सोमवार, १४ फेब्रुवारी

समाधान एक दिवस टिकलं.

हप्त्यांचं पुस्तक ह्यांच्या हत्यारांच्या पेटीत असतं. हे सुतारकामाचे शिक्षक. हप्ता ह्यांच्या पगारातून जातो, म्हणून पुस्तकही ह्यांच्याकडेच. दोन वर्षांत मी ते उघडलं नव्हतं. आज ताळा पाहायला उघडलं. जानेवारी अखेर बाकी — अकरा हजार पाचशे अठ्ठावीस रुपये एकसष्ट पैसे.

माझ्या हिशोबाशी पैशापर्यंत जुळतं. जुळायलाच नको होतं. कारण माझ्या हिशोबात मी ते हजार धरलेच नव्हते! ते वजा होऊन बाकी कितीतरी कमी हवी होती.

सगळं एकदा नीट लिहून ठेवते. जानेवारी सत्तरमध्ये कर्ज मंजूर झालं तेव्हा मी आईच्या पाटल्या उतरवून ह्यांच्या हातात दिल्या. पाच तोळ्यांना थोड्या कमी होत्या. आईने मरायच्या आधी स्वतः माझ्या हातात चढवल्या होत्या. मी म्हणाले, “मोडा, आणि येतील ते पैसे मास्तरांकडे भरा, कर्ज तेवढं हलकं होईल.” संध्याकाळी हे म्हणाले, “हजार आले. मास्तरांना दिले. पावती मागनं देतो म्हणाले.” पावती आली नाही. मीही विचारलं नाही. मास्तरांकडे पावती कसली मागायची?

मंगळवार, १५ फेब्रुवारी

ह्यांना विचारलं. भाकरी मोडता मोडता थांबले. “आसंल कुठंतरी लिहिलेलं. तू नको मास्तरांकडं जाऊ. मी बघतो.”

ह्यांचं हे ‘मी बघतो’ मला ठाऊक आहे. बघत कधीच नाहीत.

शनिवार, १९ फेब्रुवारी

शेवटी मीच गेले.

मास्तर पडवीत बसून चष्म्याच्या काडीला दोरा गुंडाळत होते. मी उभ्याउभ्याच विचारलं, “माझे हजार कुठे आहेत?” ते म्हणाले, “कुठले हजार?” मी सगळं सांगितलं. पाटल्या, तारीख, पावती. त्यांच्या हातातला दोरा सुटला. मग अगदी हळू म्हणाले, “योसेफनं दिले म्हणतो?” मी म्हणाले, “खोटं बोलायची त्यांची जात नाही.” त्यावर ते दोरा पुन्हा पहिल्यापासून गुंडाळायला लागले. “बघतो,” एवढंच म्हणाले.

तेही बघणार! शिकवताना एक पै चुकली तर छडी मारणारा हा माणूस. हजार रुपयांवर म्हणे बघतो!

रस्त्यानं येताना रडू आलं. आईच्या पाटल्या गेल्याचं तेव्हा रडू आलं नव्हतं.

शनिवार, २६ फेब्रुवारी

आठवडाभर मोकळ्या तासाला बसून दुसरा हिशोब मांडला. ते हजार पहिल्याच दिवशी जमा झाले असते तर? मुद्दल अकरा हजार. पहिल्या महिन्याचं व्याज साडेब्याऐंशी, घराचे साडेपंचवीस. ओळीखाली ओळ लिहीत गेले. वहीची अकरा पानं भरली.

एकशे त्र्याण्णव हप्ते, आणि वर थोडे सुटे रुपये. दोनशे चाळीस नव्हे! एका हजारानं जवळजवळ सत्तेचाळीस हप्ते खाल्ले असते. म्हणजे पाच हजारांच्या वर रुपये. सुरुवातीला टाकलेला रुपया शेवटचे पाच रुपये वाचवतो — हे मला कुणी शिकवलं नाही, आणि मीही कुणाला शिकवलं नाही.

तारखाही काढल्या. हजार जमा असते तर कर्ज शहाऐंशीच्या मार्चमध्ये संपलं असतं. हे जूनमध्ये रिटायर होणार. जणू मोजून काढलं होतं. आता ते जाणार नव्वदच्या जानेवारीपर्यंत. साडेतीन वर्षं पगार नाही आणि हप्ता मात्र आहे. मूलबाळ नाही. म्हातारपणी कुणाच्या दारात जायला नको म्हणून तर हे दार केलं. एखादे वर्षी हप्ते थकले तर संस्था याच दाराला कुलूप लावणार — कागदावर तसं लिहिलेलं आहे, तेही आत्ता वाचलं.

ह्यांना अकरा पानं दाखवली. हे शेवटच्या पानावर बोट ठेवून बसून राहिले. “सत्तेचाळीस?” म्हणाले. मग जेवले नाहीत. मला वाटलं, मास्तरांचा राग आला असेल.

रविवार, ५ मार्च

संस्थेची वार्षिक सभा होती. साठ-सत्तर माणसं, बाया तिघीच. अहवाल वाचून झाल्यावर मास्तरांनी विचारलं, “कुणाला काही शंका?” ह्यांनी माझा पदर धरला. मी सोडवून घेतला आणि उभी राहिले.

सगळं बोलले. पाटल्यांसकट. शेवटी म्हणाले, “मास्तर, ताळा जमत नाही.”

कुणीतरी मागून म्हणालं, “आन् अजून किती जनांचे आसतील?” मास्तर उठले. म्हणाले, “हजाराची नोंद माझ्या वह्यांत नाही. मार्थाबाई खोटं बोलणार नाहीत. नोंद नाही ही जबाबदारी सेक्रेटरीची.” आणि कपाटाच्या किल्ल्या टेबलावर ठेवल्या.

मला आयुष्यात पहिल्यांदा ‘मार्थाबाई’ म्हणाले.

जिंकल्यासारखं वाटायला हवं होतं.

सोमवार, ६ मार्च

ह्यांना ताप आहे. भिंतीकडे तोंड करून पडलेत.

शुक्रवार, १० मार्च

मास्तर स्वतः घरी आले. आत आले नाहीत. उंबऱ्याबाहेर उभं राहून पन्नासाची नोट पुढे केली. “दरमहा एवढे देईन. वीस महिन्यांत हजार होतील. पेन्शनीतून याहून जास्त निघत नाही.” हे आतून ऐकत होते, बाहेर आले नाहीत.

मी नोट घेतली. घेतली तर घेतली! वर म्हणाले, “आणि वीस महिन्यांचं व्याज?” मास्तर म्हणाले, “ते तू काढ. तुझं गणित चांगलं आहे.” त्यांनी टोमणा मारला नव्हता, म्हणून तर जास्त लागलं.

रविवार, १२ मार्च

शास्त्रवाचन दुसऱ्या कुणी केलं. मास्तर सगळ्यात मागच्या बाकावर. त्यांच्या शेजारची जागा शेवटपर्यंत रिकामीच राहिली.

शनिवार, २५ मार्च

घडलं ते क्रमानं लिहिते.

ईस्टर आलाय म्हणून घर सारवायला-पुसायला काढलं. हे शाळेत गेले होते. मी दाराच्या उंबऱ्याला जवसाचं तेल लावत होते. उंबरा ह्यांनी स्वतः केलेला, सागवानी, चांगला रुंद. दर महिन्याला तेलही स्वतःच लावतात, मला कधी हात लावू देत नाहीत. मला कौतुक वाटायचं. आज फडकं फिरवताना आतल्या बाजूला एक वीतभर पट्टी निराळी दिसली. तिच्या रेषा उभ्या, बाकी लाकडाच्या आडव्या. चाकूचं टोक घातलं तर सरकली.

आत खाच. खाचेत ह्यांचा निळ्या काठाचा रुमाल. रुमालात आईच्या पाटल्या.

उंबऱ्यातच बसले. सत्तरच्या मे महिन्यातलं आठवलं. सासूबाई कोल्हारहून आल्या होत्या. म्हणाल्या, “उंबऱ्याखाली गुंजभर तरी सोनं घालत्यात बाई. न्हाई घातलं तर घर टिकत न्हाई.” मी हसून म्हणाले होते, “आपण ख्रिस्ती माणसं, आपल्यात कुठलं आलंय? आणि सोनं तर सोनारानं नेलं.” हे तेव्हा इथंच बसून उंबरा तासत होते. मान वर केली नव्हती.

दोन वर्षं मी रोज त्या पाटल्या ओलांडून शाळेत गेले. मास्तर त्यांच्यापासून हातभर अंतरावर उभे राहिले आणि त्यांनी मला पन्नास रुपये दिले.

संध्याकाळी हे दारात आले, उंबऱ्याकडे पाहिलं आणि बाहेरच उभे राहिले. मी विचारलं, “का?”

“सोनारानं तराजूत टाकल्या. तुझ्या हाताचा बाक होता त्यांना. न्हाई बघवलं. उचलल्या अन् आलो.”

“मग मला सांगायचं!”

“तू परत पाठवलं असतंस. म्हटलं, पुढंमागं भरू कुठून तरी हजार. ते जमलंच न्हाई.”

“आणि सभेत? मी उभी राहिले तेव्हा?”

त्यांनी वाकून सरकलेली पट्टी पुन्हा जागेवर बसवली.

रविवार, २६ मार्च

झावळ्यांचा रविवार, ईस्टरच्या आधीचा. देवळात गेले नाही.

शुक्रवार, ३१ मार्च

उत्तम शुक्रवार, येशूला क्रुसावर खिळलं तो दिवस. उपासनेत बसले खरी, पण ऐकलं काहीच नाही.

मनात सारखं घोळतंय — येशूला धरून देताना यहूदानं निदान तीस नाणी तरी घेतली. माझ्या नवऱ्यानं काही घेतलं नाही. दारू नाही, बाई नाही, भावाला दिले नाहीत. माझ्यावर माया केली म्हणे! ती माया मला सत्तेचाळीस हप्त्यांना पडली आणि मास्तरांना त्यांचं नाव गेलं. मला कुणी विचारलं का, मार्था, तुला पाटल्या हव्यात की म्हातारपण? मी तर कधीच निवडलं होतं. हातानं उतरवून दिल्या होत्या. पाटल्यांना माझ्या हाताचा बाक दिसला म्हणून ह्यांचं काळीज हललं, आणि एक म्हातारा साठ माणसांसमोर किल्ल्या ठेवतो तेव्हा हलत नाही?

आणि मी? मी कोणत्या तोंडानं बोलते? नोट तर मीच घेतली. गुरूच्या गणिताचा ताळा पाहायला गेले, आणि नवऱ्याच्या शब्दाचा पाहिला नाही.

सोमवारी पाटल्या घेऊन सोनाराकडे मी स्वतः जाणार. आज भरले तरी अजून पुष्कळ हप्ते वाचतील. पण सोमवारच्या आधी रविवार येतो.

रविवार, २ एप्रिल. ईस्टर

पाटल्या घालून देवळात गेले. उपासना सुटल्यावर मास्तरांपाशी जाऊन पन्नासाची नोट त्यांच्या हातात ठेवली. त्यांनी माझ्या हातांकडे पाहिलं, मग ह्यांच्याकडे. हळूच म्हणाले, “कुणी विचारलं तर माझ्याकडेच राहिल्या होत्या म्हण. माझं जायचं ते गेलं. तुमचं घर राहू दे.” म्हणजे त्यांनी पहिल्याच दिवशी ओळखलं होतं!

लोक जवळ आलेच होते. मी सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले, “योसेफनं उंबऱ्यात लपवल्या होत्या. मास्तरांनी पैसुद्धा घेतलेली नाही.” लग्नानंतर त्यांचं नाव मी आज पहिल्यांदा घेतलं.

एकटीच घरी आले. ते अजून आलेले नाहीत. सत्ताविसावा हप्ता सात तारखेला आहे.