खोक्याखालचा ठिपका

१० ऑक्टोबर १९७८. खंडेनवमी.
दुकान धुतलं. कंबर मोडली. वरच्या फळीवरचे रिकामे खोके खाली काढले, पुसले, परत रचले. ह्यांची पद्धत. फळी रिकामी दिसली की गिऱ्हाईक दारातूनच माघारी जातं म्हणायचे. पूर्वी मी हसायचे, आता मीच रचते. जास्तीचे खोके अरुणनं पोत्यात भरून नेले. दिघीला त्याच्या घराजवळ रद्दीवाला आहे, तो घेतो म्हणे. नेहमी तोच नेतो. माझा धाकटा भाऊ असून थोरल्यासारखा उभा राहिलाय. हे गुढीपाडव्यानंतर आडवे झाले, उजवं अंग गेलं, वाचा गेली, तेव्हापासून पुण्याहून मालही तोच आणतो, स्कूटरला बांधून. तो नसता तर चाकणमधलं हे दुकान कधीच बंद झालं असतं.
ऑइल फिल्टरच्या फळीवर मुंग्या. पूजेचं गूळखोबरं तिथंच ठेवलं होतं, माझाच वेंधळेपणा. हळदीची रेघ ओढली.

११ ऑक्टो. दसरा.
पूजा उरकली. पान्हे, जॅक, वजनकाटा, सगळ्यांना हळदकुंकू. नव्या मालालाही. हे खोक्याच्या बुडाला कुंकू लावायचे, झाकणावर लावलं तर कंपनीचा छाप बिघडतो म्हणून. अनामिकेनं, जरा तिरकं. मला एकेक खोका पालथा करायला वेळ कुठे? मी आपली झाकणावरच लावत जाते.
आज ह्यांचं बोट धरून कुंकवात बुडवलं. वाटलं, एक तरी ठिपका त्यांच्या हातचा. हात लाकडासारखा. डोळ्यांतून पाणी आलं त्यांच्या. कशाला हा हट्ट केला मी? उगाच.

१४ ऑक्टो. शनिवार.
आजचा दिवस कुणाच्या वाट्याला येऊ नये. भर बाजारात, कांद्याच्या गाड्या रस्त्यावर, आणि महाळुंग्याचा सोपान दुकानासमोर उभा राहून ओरडतोय. हा चाकण-भोसरी टॅक्सी चालवतो. चालवायचा. इंजिन जाम झालं मोशीजवळ. फिल्टर माझ्याकडचा.
"वहिनी, दुसरीकडं स्वस्त मिळत व्हता, तरी तुमच्याकडनं घेतला. आन् तुमीच आमाला खोटा माल दिला?"
मी म्हटलं, सोपानभाऊ, आत या, पाणी प्या. नाही आला. फिल्टर आणि त्याचा खोका दोन्ही फळकुटावर आपटून गेला. पन्नास माणसं बघत होती. मीच तर ह्या सगळ्या ड्रायव्हरांना शिकवलं होतं खरा फिल्टर कसा ओळखायचा ते! रबराची रिंग नखानं दाबून बघा, नख उमटून परत भरून आलं पाहिजे. कड हाताला लागली तर घेऊ नका. छापाची अक्षरं पसरलेली दिसली तर घेऊ नका. आणि मी स्वतः? अरुणनं आणलेल्या मालाची रिंग एकदा तरी दाबली का? नाही. घरच्या माणसाच्या हातून आलेलं कोण दाबून बघतं.

१५ ऑक्टो.
शटर अर्धं ओढलं, करवत घेतली. फळीवरचा एक नवा फिल्टर आणि ह्यांच्या वेळचा एक जुना, दोन्ही कापले. जुन्यात घड्या सारख्या, चिकटवलेली जागा दगडासारखी घट्ट. नव्यात खाकी कागद, वाण्याच्या पुडीचा असतो तसला, घड्या वाकड्यातिकड्या. आणि चिकटवलंय खळीनं. कणकेच्या खळीनं! बोटाला लावून वास घेतला. गरम तेलात ही किती टिकणार? कागद सुटून इंजिनात जाणार, तेलाची वाट बंद. सोपानच्या गाडीत तेच झालं.
म्हणजे मुंग्या गुळाला आल्याच नव्हत्या, ह्या खळीला आल्या होत्या. गूळ उचलून चार दिवस झाले आणि रांग अजून चालूच आहे. मी येडी हळद ओढत बसले.

१७ ऑक्टो.
कंपनीचे साहेब आले. कुणीतरी तक्रार पोचवली. चहा घेतला नाही. फळीवरचे दोन खोके उचलले, बघितलं, खिन्नपणे हसले.
"बाई, माल कुणाकडून घेता ते नाव हवंय मला. चार नोव्हेंबरला परत येतो. नाव दिलंत तर बघू. नाही दिलंत तर एजन्सीचा बोर्ड उतरवणार आणि पोलिसात तुमचंच नाव जाणार."
मी सांगितलं, पुण्याचा तुमचाच अधिकृत व्यापारी, दुसरं कोण? ते मान हलवून गेले. बोर्ड उतरला की गावात तोंड दाखवायला जागा नाही. ह्यांचं औषधपाणी, घर, सगळं ह्या एका बोर्डावर.
अरुण संध्याकाळी आला. म्हटलं, त्या व्यापाऱ्याची गचांडी धर जाऊन. "ताई, मोठ्या लोकांशी आपण कशाला भांडायचं? बघतो मी." माझ्याकडे न बघता बोलला. थकला असेल. बायकोला, मंदाला, दिवस भरत आलेत, घरात आणखी कुणी बाई नाही, त्यालाही ताप आहेत.

२१ ऑक्टो.
सोपाननं आपटलेला खोका अजून तिथंच पडला होता. आज उचलला. झाकणावर माझं कुंकू, ताजं. सहज पालथा केला.
बुडाला ठिपका. फिकट, तिरका. अनामिकेचा.
हा माल भादव्यात आलाय. भादव्यात हे अंथरुणावर होते. त्यांनी कसं लावलं कुंकू? फळीवरचे सगळे खोके खाली ओढले. पालथे केले. ह्याला ठिपका, त्याला ठिपका. काहींना नाही, पण बऱ्याचशा खोक्यांना आहे. आमच्याच दुकानातून रिकामे गेलेले खोके आमच्याच दुकानात भरून आलेत.
रिकामे खोके कोण नेतं?
नाही. रद्दीवाल्याकडून दुसऱ्या कुणी घेतले असतील. तसंच असेल. तसंच असू दे देवा.

२४ ऑक्टो.
मंदाला भेटायचं निमित्त करून एसटीनं भोसरी, तिथून दिघी. ती म्हणाली, ते शेडमध्ये असतील. कसली शेड? "तुम्हाला माहीत नाही होय ताई?"
लष्कराच्या कुंपणाजवळ पत्र्याची शेड. चार बाया खाली बसून कागदाला घड्या घालतायत. स्टोव्हवर पातेल्यात खळ. कोपऱ्यात माझे खोके. माझे! मी पुसलेले, मी रचलेले.
पातेलं लाथेनं उडवलं. पायाला भाजलं, आत्ता कळतंय.
अरुण बायांना बाहेर जा म्हणाला. मग बोलला, पहिल्यांदा सरळ बोलला.
"पुण्याच्या व्यापाऱ्यानं आखाडातच माल बंद केला ताई. म्हणाला, दुकानावर बाई बसते, नवरा उठत नाही, मी दुसरा एजंट बघतोय. हे तुला येऊन सांगायचं? भावजी तसे पडलेले. तू रोज फळीकडे बघत होतीस. मी फळी भरली."
"विषानं भरलीस."
"फिल्टरच्या कंपनीत कामाला होतो तेव्हा हेच तर बघायचो. कागदच असतो गं आत. मला वाटलं, चालेल."
चालेल! मेल्या, लोकांची इंजिनं जळतायत. आणि दुसऱ्या दुकानांनाही देतोस ना? तो उपडं पातेलं सरळ करायला लागला. म्हणजे देतो. नुसतं माझ्यासाठी नाही केलं त्यानं. पण माझ्यासाठीही केलं, हेही खोटं नाही. दोन्ही खरं असेल तर मी काय करायचं?
आई गेली तेव्हा हा परकरात लपायचा माझ्या.

२६ ऑक्टो.
ज्यांच्या ज्यांच्या गाडीत तो माल गेला, ते आठवतेय. हे जाऊ दे म्हणून बसता येत नाही. उद्या आणखी कुणाचं इंजिन घाटात जाम झालं तर? आत माणसं असतात.
आजपासून रस्त्यावर उभी राहिले. ओळखीची गाडी दिसली की हात करते. "भाऊ, माझ्याकडचा फिल्टर लावलाय ना? आजच काढून टाका. खोटा निघाला." काही जण घाबरले. एक जण हसला, "वहिनी, आपल्याच मालाला नावं ठेवणारं दुकान पहिल्यांदा बघितलं राव." शेजारचा टायरवाला दारात येऊन बघत होता. बघू दे.
सगळे एकच विचारतात. कुणी दिला माल?

२८ ऑक्टो.
महाळुंग्याला गेले. सोपानची टॅक्सी लिंबाखाली, बॉनेट उघडं, सीटवर कोंबडी बसलेली. तो कांद्याची पोती चढवायला जातो आता. बायकोनं चहा दिला, बिनदुधाचा, पण दिला.
सोपान आला, खांद्याला पोत्याचा वळ. शिव्या देईल वाटलं होतं. नाही दिल्या.
"वहिनी, तुमी न्हाई केलं, ठावं हाय मला. भाऊ हाय तितं पडलेला, त्यानं मला उधारीत पन चांगलाच माल दिला व्हता. पन ज्यानं केलं त्याचं नाव सांगा. तेवढंच सांगा."
भाऊ म्हणजे हे. गावात ह्यांना सगळे भाऊच म्हणतात.
मी म्हटलं, शोधतेय. तोंडावर खोटं बोलले. त्याच्या बायकोकडे बघवेना.

३१ ऑक्टो. लक्ष्मीपूजन.
सगळे खोके उतरवले. खोटे भरलेले आणि रिकामेसुद्धा. मांडणी उघडी पडली, भिंतीवर चौकोन उमटलेत धुळीचे. अशा दुकानात लक्ष्मी काय म्हणून येईल. तरी पणती लावली.
ह्यांना सांगितलं. सगळं. कधीपर्यंत लपवायचं? ते ऐकत होते, डोळे छताला. मग तो सोपानचा खोका पालथा करून दाखवला. आपला ठिपका ओळखला त्यांनी. डावा हात उचलला, आणि अंगठ्यानं ठिपका पुसायला लागले. पुसला नाही जात, पसरतो नुसता.
"काय करू? सांगू का नाव? मानेनं तरी सांगा."
भिंतीकडे तोंड केलं. पुसतायत म्हणजे विसर म्हणतायत? की अशा मालावर माझी खूण नको म्हणतायत? ओरडून विचारलं मी. आजारी माणसावर ओरडले. शेजारी फटाके वाजत होते म्हणून कुणाला ऐकू गेलं नाही.

२ नोव्हेंबर. भाऊबीज.
येणार नाही वाटलं होतं. आला. अंघोळ करून, इस्त्रीचा शर्ट घालून, लहानपणी यायचा तसा. पाट मांडला, रांगोळी काढली. हात करत होते आपोआप.
त्याच्या कपाळाला कुंकू लावताना बोट थांबलं. त्यानं डोळे मिटले होते. लावलं.
ओवाळून झालं तेव्हा म्हटलं, "परवा साहेब यायच्या आधी तू स्वतः जा त्यांच्याकडे. सगळं सांग. मी येते बरोबर."
"मला आत घालतील ताई. मंदाचा नववा लागलाय."
"सोपानच्या घरीही पोरं आहेत."
"तू सांगशील माझं नाव?"
तबकातलं निरांजन फडफडत होतं, त्याच्यावर हात धरला. तेवढ्यात त्यानं पिशवीतून साडी काढून तबकात ठेवली, आणि वर एक फिल्टर. नवा खोका.
"पुण्यात दुसऱ्या दुकानातून आणला. खरा आहे. सोपानला दे."
इंजिन जळाल्यावर फिल्टर? जीभ वळवळली पण बोलले नाही. बोलले असते तर बरं झालं असतं. मी काय केलं? खोका उचलला आणि पालथा केला. झाकणसुद्धा न बघता आधी बूड बघितलं.
बूड कोरं होतं.
मान वर केली तर तो माझ्याकडेच बघत होता. इतक्या वर्षांत असा चेहरा बघितला नव्हता त्याचा, आई गेली तेव्हाही नाही. "जेवून जा," म्हटलं. श्रीखंड केलं होतं, त्याला आवडतं म्हणून. पाटावरून उठला, वाकून पाया पडला, स्कूटर चालू केली आणि गेला.

३ नोव्हेंबर.
पान वाढलेलं तसंच झाकून ठेवलं होतं, सकाळी गाईला घातलं.
अरुणचा निरोप नाही. मंदाचाही नाही. साहेबांकडे गेला का कुठे पळाला, काही कळायला मार्ग नाही. दिघीला जावंसं वाटतं आणि पाय उचलत नाही.
कोरा खोका म्हणजे खरा माल असं थोडंच आहे? नवा खोकाही कुणी छापून घेऊ शकतो. रिंग दाबून बघितली. नख उमटलं, भरून आलं. अक्षरं स्वच्छ. तरी करवत काढली होती, मग ठेवून दिली. कापला तर कळेल, पण मग सोपानला द्यायला राहणार नाही. आणि कापलाच, आत खळ निघाली, तर काल कुंकू लावलेला माझा भाऊ कोण होता?
रिकाम्या मांडणीवर तो एकटाच ठेवलाय, मधल्या फळीवर. हळदीची रेघ पुसून टाकली. सकाळपासून चारदा उठून बघितलं.
उद्या साहेब येतील आणि नाव विचारतील.
अजून तरी मुंगी आलेली नाही.