वंगणला वाचून दाखवायचं पान

४ फेब्रुवारी
आजपासून हिब्रू.
काल वंगणकडे गेलो होतो. वंगण म्हणजे आमच्या छापखान्यातला मशीनमन. हात कायम तेलकट, म्हणून हे नाव. मी जुळारी. मी शिशाच्या अक्षरांचे खिळे जुळवायचे आणि त्याने छापायचं, यातच दोघांची नोकरी सरली. आता त्याची नजर गेलीय आणि तो अंथरुणाला खिळलाय. खिळे माझे आणि खिळला तू, असा विनोद केला. तो हसला. वहिनी हसल्या नाहीत.
निघताना त्याने उशाखालून बापाचं प्रार्थनेचं पुस्तक काढून दिलं. एक पान दुमडलेलं. म्हणाला, आमच्या ज्यू लोकांतले हिब्रू वाचणारे सगळे पांगले. तू अक्षरांचा माणूस. एवढं पान शिक आणि मला वाचून दाखव.
म्हटलं, त्यात काय, पंधरा दिवस.
ही लिपी उजवीकडून डावीकडे जाते. जाईना का! मी जन्मभर उलटे खिळे वाचलेत.

५ फेब्रुवारी
तयारी. टेबल खिडकीशी सरकवलं. हायलायटर आणले, चार रंगांचे. टेबल लॅम्पही. हिने विचारलं, खिडकीशी बसून लॅम्प कशाला? काही लोकांना अभ्यासाचं वातावरण समजत नाही.
अभ्यास उद्यापासून, ताज्या डोक्याने.

९ फेब्रुवारी
फक्त बावीस अक्षरं! आपल्या बाराखडीपुढे पोरखेळ. शिवाय स्वर लिहितच नाहीत म्हणे. मोबाइलवर अ‍ॅप घेतलं. आलेफ, बेत, गिमेल. अ‍ॅपमधली बाई 'ग्रेट जॉब' म्हणाली. पंधरा दिवस जास्तच सांगितले.

१० फेब्रुवारी
या पुस्तकात स्वर आहेत. अक्षरांखाली टिंबं आणि रेघोट्या. मला वाटलं शाई उडालीय. मनातल्या मनात त्या मशीनमनला शिवी हासडली होती. परत घेतो.

१७ फेब्रुवारी
दालेत आणि रेश अगदी सारखे. एकाच्या खांद्याला कोपरा, दुसऱ्याचा खांदा गोल, बस्स. 'हे' आणि 'खेत' या अक्षरांचीही तीच तऱ्हा. त्यात पाच अक्षरं शब्दाच्या शेवटी आली की वेगळाच अवतार घेतात. माझ्याकडे प्रूफ आलं असतं तर तसंच परत पाठवलं असतं.
चष्म्याचा नंबर बदललेला असणार.

१९ फेब्रुवारी
चष्मेवाला म्हणतो, नंबर तोच आहे. हल्ली कोणी नीट तपासत नाही.

२३ फेब्रुवारी
वंगणकडे जाऊन आलो. बरा दिसला. वजन उतरलंय, पण आजारपणात अंग हलकंच बरं. बोलताना दम लागतो. तसा पूर्वीही फार बोलायचा आणि दमायचा.
पान कुठवर आलं, विचारलं. म्हटलं, सफाईने वाचता आलं की मगच येईन. कच्चं प्रूफ मी कधी कुणाला दाखवलेलं नाही. म्हणाला, कच्चं चालेल रे, तू येत जा. माझा हात धरून ठेवला. बोटं गार होती. खिडकी उघडी होती म्हणून.
लवकर निघालो. अभ्यास पडला होता.

२ मार्च
पहिली ओळ वाचली. मोठ्याने. ही स्वयंपाकघरातून म्हणाली, खोकला झालाय का तुम्हाला? खेतचा उच्चार घशातूनच येतो.

८ मार्च, सकाळी
वहिनींचा फोन. म्हणाल्या, भावजी, हे सारखी आठवण काढतात, येऊन जा. सांगितलं, पुढच्या रविवारी पान पक्कं करूनच येतो. म्हणाल्या, पानाचं राहू द्या हो, तुम्ही या.
वहिनी मनाने चांगल्या आहेत, पण त्यांना शिस्त कळत नाही.

१४ मार्च
उद्या रविवार. दुसरी ओळ अजून कच्ची. आजारी माणसापुढे अडखळत बसायचं म्हणजे त्यालाच थकवा. पुढच्या रविवारी जावं.
ही म्हणाली, तुम्ही त्याला बघायला घाबरताय. म्हटलं, विषय हिब्रूचा चाललाय. म्हणाली, नाही, तोच चाललाय.
सामेख आणि शेवटचा मेम यांचा पुन्हा घोळ झाला.

१९ मार्च, दुपारी
ब्रेकथ्रू! अख्खं पान वाचलं, सलग! हिला हाक मारून समोर बसवलं आणि पुन्हा वाचलं. ही म्हणाली, शेवटच्या ओळीवर बोट उलटं फिरतंय. सवयीने डावीकडून वाचली होती. एवढं सोडलं तर अचूक.
रविवारी नक्की. शर्ट इस्त्रीला टाकला.

२१ मार्च
वंगण गेला. पहाटे.

२२ मार्च
रविवार. इस्त्रीचा शर्ट घातला.
दफनाच्या वेळी त्याचा लांबच्या गावाहून आलेला भाचा वाचत होता. घडाघडा. मी पुस्तक उघडून उभा होतो. आपलं पान की दुसरं, तेच कळेना. पहिला शब्द लावतोय तोवर सगळे आमेन म्हणाले. मग मीही म्हटलं, एकटाच, मागाहून. भाच्याने वळून पाहिलं.
माती ओली होती. चपला तशाच दाराबाहेर ठेवल्यात.

२९ मार्च
पुस्तक परत द्यायला वहिनींकडे गेलो. पलंग काढून टाकलाय. खोली मोठी दिसते. कुठे बसावं कळेना.
विचारलं, आता वाचून दाखवू का? म्हणाल्या, वाचा.
वाचलं. दालेत की रेश, असं करत करत. कधी नव्हे ते एकदाही थांबलो नाही, म्हणजे थांबलो, पण उठलो नाही. पान संपेतो बाहेर ऊन उतरलं होतं.
मग म्हणाल्या, यांना हे पान तोंडपाठ होतं, भावजी. लहानपणापासून.
म्हटलं, मग मला कशाला शिकायला लावलं?
म्हणाल्या, मीही विचारलं होतं. तर म्हणाले, त्याला नुसतं बस म्हटलं की तो टेकतो आणि पळतो. एकेक अक्षर लावत राहील, तेवढा वेळ माझ्याजवळ बसेल.
पुस्तक त्यांनी कपाटात ठेवलं.
घरी आलो. हिने विचारलं, वहिनी काय म्हणाल्या?
म्हटलं, काही नाही. चहा दिला.