रशियासाठी काढलेला शेवट

मी, आल्बिन लेबरेख्ट ड्रेक्सेल, वय चौसष्ट, चित्रपट निर्माता, राहणार श्टेग्लित्स, बर्लिन, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने व कोणाच्याही दबावाखाली न येता लिहीत आहे. माझे हृदय बिघडले आहे, डोके नाही. हे वाक्य मी डॉक्टरांनाही वाचून दाखवले आहे, कारण माझ्यामागे मला वेडा ठरवायला एक माणूस टपलेला आहे. त्याचे नाव कलम तीनमध्ये येईल.

१. राहते घर, सामान व पुस्तके माझी मुलगी हेडविग हिला. कुलुपे लगेच बदलावीत.

२. लाकडी कॅमेरा आमचा छायालेखक कोनराड न्योल्टे याला. दर नाताळात मी त्याच्याकडे जेवायला जात असे, ते हंसाच्या मांसासाठी नव्हे, एक हरवलेला डबा शोधण्यासाठी. त्याच्या बायकोने एकदा विचारलेच, "ड्रेक्सेलसाहेब, हंस टेबलावर आहे, कपाटात काय बघताय?" कॅमेरा हीच माझी माफी समजावी.

३. भागीदार ब्रूनो शाडो याला काहीही नाही. चित्रपट जत्रेच्या तंबूत होता तेव्हापासून मी सभासभांतून सांगत आलो, की तिकीट काढून रडायला आलेल्या माणसाचे रडणे हिरावून घेऊ नका! शाडो टाळ्या वाजवायचा आणि घरी जाऊन रडवणारे प्रसंग कापायला कात्री काढायचा.

४. आता तो डबा. १९१३ साली आम्ही 'मिठागराची मुलगी' काढला. नायिका माझी पत्नी अमालिए. त्या काळी आमच्या धंद्यात रिवाज होता: रशियाच्या गिऱ्हाइकाला शेवट दुःखाचा लागे, बाकीच्यांना सुखाचा. म्हणून शेवट दोनदा काढायचा. सुखाच्या शेवटात अमालिए लग्नाच्या गाडीत पाठमोरी बसते. रशियाच्या शेवटात ती समुद्रात शिरण्यापूर्वी मागे वळते, आणि पडदाभर तिचा चेहरा दिसतो. १९१८च्या साथीत ती गेली. तिला इतक्या जवळून दाखवणारी दुसरी फीत नाही.

मी ती शोधली. डबा नव्हता. निगेटिव्ह जोडणाऱ्या ओल्गा पीच हिच्यावर चोरीचा आळ घेऊन मी तिला कारखान्याच्या अंगणात, सर्वांसमोर, अर्धा तास भाषण करून काढून टाकले. न्योल्टे तिला सामील असावा, अशी माझी खात्री होती.

गेल्या गुरुवारी ओल्गा घरी आली आणि तिने पत्र्याचा डबा टेबलावर आदळला.

"चोर म्हणून हाकललंत ना, साहेब? घ्या, चोरीचा माल."

"कुठे होता?"

"माझ्या बटाट्यांच्या तळघरात. गार असतं तिथे. तेरा हिवाळे सांभाळलाय. फीत ठिणगीनं पेटते, म्हणून शेजारी सिगार घेऊन खाली उतरला की मी झाडू घेऊन मागे!"

"म्हणजे चोरी कबूल!"

"अहो, चौदाच्या ऑगस्टमध्ये, रशियाशी लढाई लागली तेव्हा, स्टुलावर चढून कोण ओरडलं? 'शत्रूचे डबे फितीतली चांदी काढायला धुऊन टाका, एकही ठेवू नका!' सगळे धुतले आम्ही. हा एक माझ्याच्याने धुववला नाही. बाईसाहेब बघत होत्या त्यातून."

"मग मी अंगणात बोलत होतो तेव्हाच का नाही सांगितलंस?"

"तुम्ही बोलत असताना मधे कुणाला बोलता आलंय, साहेब?"

ही बातमी शाडोपर्यंत पोहोचली. कोणी पोहोचवली, याची चौकशी चालू आहे. शनिवारी तो फुले घेऊन हजर. "आल्बिन, डबा कंपनीचा आहे रे. जुन्या चित्रपटाला जोडून टाकू. आधी वळून बघेल, मग लग्नाच्या गाडीत बसेल. लोक खूश!"

वकील म्हणतात, करारानुसार कंपनीची प्रत्येक फीत माझ्यानंतर शाडोची. कंपनीने स्वतःहून टाकून दिलेली तेवढी सुटते. पण टाकून दिल्याचा लेखी पुरावा कुठेही नाही, ते जाणणाऱ्यांपैकी शाडो तोंड उघडणार नाही, आणि ओल्गाला तर मीच चोर ठरवले आहे.

म्हणून मी नऊ वर्षे जे नाकारत आलो ते येथे लिहितो. तो हुकूम मी दिला. कंपनीचा प्रमुख या नात्याने, शुद्धीवर असताना, मी. रशियाचे सर्व डबे मी टाकून दिले. त्यात माझ्या पत्नीचा चेहरा आहे, हे जोशात माझ्या ध्यानात आले नाही. पुढे ध्यानात आले तेव्हा मला स्वतःपेक्षा ओल्गावर संशय घेणे सोपे गेले. ओल्गा पीच चोर नाही. टाकलेले तिने उचलले, म्हणून डबा तिचा आहे. त्याला कात्री लावण्याचा अधिकार तिच्याखेरीज कोणालाही नाही. मी आहे तोवर तिने तो मला एकदा पडद्यावर दाखवावा, ही विनंती आहे, अट नाही.

५. हे कलम चार माझ्या मरणाची वाट पाहत बंद ठेवू नये. उद्या सकाळी कामगार जमले की हेडविगने ते त्याच अंगणात, ओल्गाला पुढे उभी करून, मोठ्याने वाचावे. मी वाचणार नाही. मी वाचले तर त्याचे भाषण होईल.

कायद्याला माझी एकट्याची सही पुरते. मला पुरत नाही. म्हणून या मृत्युपत्रातून ज्यांना काहीच मिळत नाही, अशा दोघांना बोलावून प्रत्येक पानावर सह्या घेतल्या आहेत.

आल्बिन लेबरेख्ट ड्रेक्सेल

साक्षीदार:
१. ओटिलिए क्रूम्बाख, परिचारिका
२. फेर्डिनांड त्सुल्के, पाववाले

श्टेग्लित्स, बर्लिन. १४ मार्च १९२७.