होसियतच्या भिंतीवरचा नान

४ फेब्रुवारी
डॉक्टरीण म्हणाली, मनात साठवू नका, वहीत लिहा, प्रेशर उतरेल. लिहिते. संकल्प: गल्लीतलं कुणाचं काही कुणाला सांगायचं नाही. मोहल्ला कमिटीच्या मुकर्रम आपाला तर मुळीच नाही. चहा पाजून माणसाला उलटं धरून झटकते ती.

६ फेब्रुवारी
आपा आली. गप्प राहिले. फक्त गॅसचं रडगाणं गायले. नमनगानची ही थंडी, आणि चूल गार. म्हणाली, सिलिंडरचं बघते गं तुझ्या. तुझी शेजारीण होसियत काय म्हणते? म्हटलं, मी काय तिच्या खिडकीत बसते?

९ फेब्रुवारी
होसियतकडे मीठ मागायला गेले. भिंतीवरचा नान गायब! पोलीस नमाज शिकणारी पोरं उचलत होते, तेव्हा तिचा मुलगा इल्योस त्या नानचा एक घास तोडून रशियाला पळाला. उरलेला खिळ्याला. रीतच आहे, जाणारा परत आला की त्यानंच संपवायचा. माझ्या लेकाचा, दोनियोरचाही टांगलाय, तो तिकडे विटा रचतो.
विचारलं, तर म्हणे उंदरांनी खाल्ला. खिळा छताजवळ! उंदीर काय शिडी लावून चढले? आणि एकट्या बाईला एवढा पुलाव?
मी हसले. तिनं हात धरला. राबिया, तूही आईच आहेस, म्हणाली.
मी कशाला बोलतेय? संकल्प आहे.

१० फेब्रुवारी
सिलिंडरसाठी आपाकडे. इल्योसचं नावसुद्धा काढलं नाही. उंदरांचं औषध आहे का, एवढंच विचारलं. म्हणाली, तुझ्याकडे उंदीर? म्हटलं, छे, होसियतकडे, भिंतीवरचा नान खातात मेले.
आपा हसली नाही. चहा अर्धा टाकून फोनकडे गेली. विनोद कळतच नाही तिला.

११ फेब्रुवारी, दुपार
सिलिंडर आला. भरलेला! गल्लीत पहिला माझाच. प्रेशरही उतरलं. लिहिण्याचा गुण.

१२ फेब्रुवारी, पहाट
होसियतच्या दारात बिननंबरची गाडी. मी पडदा ओढून घेतला. दुसऱ्याच्या भानगडीत पडायचं नाही. ती ओरडत होती, नेण्याआधी नानचा एक घास तरी तोडू द्या माझ्या पोराला!
आपाकडे सगळी गल्ली चहा पिते. कुणीही बोललं असेल.

१५ फेब्रुवारी
होसियत आली. भांडेल वाटलं. उत्तरं तयार होती. हातात नवा नान, एका बाजूनं एक घास तोडलेला. म्हणाली, तुझ्या भिंतीवर टांग. माझ्याकडे उंदीर झालेत म्हणे, आपा सांगत होती.
चहाचं विचारलं. थांबली नाही. घाईत असेल.
दोनियोरच्याच खिळ्याला टांगला. गॅसपाशी उभी राहिले की नेमका समोर येतो.
उद्या खिळा हलवायचा.