कपाटातले टाक

मिशन बंगला, तालुका नेवासे
ता. ११ फेब्रुवारी १९७३, रविवार

प्रिय अक्का,

तुला आणि मिरजेच्या हॉस्पिटलातल्या तुझ्या शिकाऊ पोरींना माझा सलाम. इकडे सर्व ठीक आहे, असं पहिल्या ओळीत लिहायचं असतं म्हणून लिहिते. पुढचं वाचलंस की ही ओळ विसरून जा.

प्रवरा आटली आहे. बायका पात्रात झिरे खणतात आणि वाटीवाटीने हंडा भरतात. अर्धं गाव सडकेच्या कामावर खडी फोडायला जातं, पोरांना तिथे सुकडी मिळते. आम्ही रेशनवर मिळणाऱ्या परदेशी लाल ज्वारीच्या, मिलोच्या, भाकरी खातो. ह्यांच्या घशाखाली त्या उतरत नाहीत, तरी बंगल्याच्या माळीकामाचा पगार आहे आणि मागची खोली आहे, म्हणून आमच्यावर अजून हातोडा धरायची वेळ आली नाही. बागेत शिंपायला काही उरलेलं नाही. हे दिवसभर वाळक्या गुलाबांची राखण करतात आणि पाळकसाहेब दिसले की उगीच खुरपं उचलतात. नोकरी टिकली म्हणजे मिळवली.

अक्का, दिवाणखान्यातलं काचेचं कपाट तुला आठवत असेलच. शंभर वर्षांपूर्वीच्या त्या मिशनरी हॅलम साहेबांकडे आपले लोक बाप्तिस्म्याला आले की आधी देव्हाऱ्यातले टाक त्यांच्या टेबलावर आणून ठेवायचे. चांदीच्या पत्र्यावर ठोकलेले, तळहाताहून लहान, कुणाचा खंडोबा, कुणाचा भैरोबा, कुणाची देवी. साहेबांनी निम्मे कलेक्टरसाहेबांच्या हाती विलायतेला धाडले, कुठल्याशा प्रदर्शनात मांडायला. उरलेले इथे खिळ्यांवर लटकवले आणि खाली इंग्रजीत चिठ्ठ्या डकवल्या. नाताळात आपल्याला रांगेने नेऊन दाखवायचे, की पाहा, तुमच्या पणज्यांचे देव, नुसता पत्रा आहे. तू सगळ्यांदेखत विचारलंस, "पत्रा आहे तर कुलूप कशाला?" बाबांनी तुला मारलं आणि रडले मी. तेव्हापासून तू मला भित्री भागूबाई म्हणतेस.

तर विलायतेच्या म्युझियमचे साहेब येत्या गुरुवारी येणार आहेत. इथे उरलेले देवही त्यांना तिकडे हवेत. पाळकसाहेब ह्यांना म्हणाले, "कृपादान, मंडळींना सांगा, कपाट लख्ख झालं पाहिजे. पाहुण्यांना घाण दिसता कामा नये." किल्ली त्यांनी माझ्याच हातात दिली.

मी काचा पुसल्या, जाळी काढली. मग टाकांकडे बघितलं. काळे पडलेले, वर जुन्या हळदकुंकवाचे पापुद्रे. मला वाटलं, घाण म्हणतात ती हीच. चांदी काळवंडली की चिंच लावायची, एवढं कुठल्याही बाईला कळतं. चिंच कोळली, चुलीतली राख घेतली आणि अंगणात बसून एकेक टाक घासला. तांब्याभर पाण्यात सगळे धुतले, पाणी आहे कुठे जास्त? मग सुपात मांडून उन्हाला ठेवले. असे झळकत होते की मला माझंच कौतुक वाटलं.

तेवढ्यात झुंबरवहिनी आली. आपल्या पणजोबांच्या धाकट्या भावाच्या घरातली ही सून. ते भाऊ बाटले नाहीत, त्यामुळे ती माणसं अजून हिंदूच आहेत, पण वाकळेच्या चिंध्या मागायला आणि दुखणंखुपणं सांगायला आमच्याकडे येतात. सूप बघून तिने अंगणाबाहेरच चपला काढल्या आणि हात जोडले.

"दया, देव उजाळलेस व्हय?"

मी म्हटलं, "उजळले कसले वहिनी, साहेब येणार म्हणून घासलेत."

"घासले म्हन न्हाईतर उजाळले म्हन. त्यांची आंघूळ झाली न्हवं? शंभर वर्सं निजले हुते, तू उठवलंस. आता उपाशी ठिवू नगंस बाई."

अक्का, मी सूप घाईने सावलीत ओढलं. तू हसशील. चर्चमध्ये पहिल्या बाकावर बसणारी मी, मला पत्र्याचं भय कशाला? पण मला तेव्हा दोन्हीकडून भीती वाटली. वरचा बघतो आहे, आणि सुपातलेही बघताहेत.

मग ती सुपावर वाकून काहीतरी शोधू लागली. आजी सांगायची ते तुला ठाऊक आहे. आपल्या घराण्याच्या खंडोबाच्या टाकात घोड्याच्या पायाशी कुत्रं नाही, सोनार ठोकायचं विसरला. ते चुलत घर अजून तेच सांगतं. पणजोबा थोरले, म्हणून देव त्यांच्याकडे होते, आणि त्यांनी ते साहेबाला दिले. धाकट्याच्या देव्हाऱ्यात तेव्हापासून टाकाच्या जागी सुपारी आहे. नवा टाक त्यांनी केला नाही. "जुना हाय की अजून, मग दुसरा कसा करायचा?" असं म्हणतात. फाल्गुनात तिच्या मच्छिंद्राचं लग्न आहे. तिला एकच दिवस तो टाक हवा होता, नवरानवरीला पाया पडायला.

सुपात तिला तो सापडला नाही. मी म्हटलं, विलायतेला गेला असेल. आणि मग तिच्या शेळीचं विचारलं.

सगळे टाक घासून परत खिळ्यांवर लावले आहेत. गुरुवार एकदाचा पार पडू दे. तू माझ्यासाठी प्रार्थना कर, कशासाठी ते मला नीट सांगता येत नाही.

तुझी,
दया

*

मिशन बंगला
ता. १६ फेब्रुवारी, शुक्रवार, सकाळी

अक्का,

सलाम. तब्येत विचारत नाही, वेळ नाही. मागच्या पत्रात सगळे टाक घासले असं लिहिलं, ते खरं नाही. एक सोडला होता.

खालच्या रांगेत कोपऱ्यात होता. काच पुसतानाच मी ओळखला. घोडा आहे, स्वार आहे, पायाशी काही नाही. त्याच्यावर हळद अशी थापलेली होती की मधोमध अंगठ्याचा ठसा दिसत होता, रेघा न् रेघा. आजी म्हणायची ना, पणजीने बाप्तिस्म्याच्या सकाळी शेवटची पूजा केली, रडत रडत हळद लावली आणि ओलाच देव नवऱ्याच्या हातात दिला. तो ठसा तिचाच असणार, त्यानंतर कुणी त्याला हळद लावलीच नाही. माझा हात पुढे जाईना. तो पत्राच असेल तर पणजी फुकट रडली, आणि नसेल तर आपण शंभर वर्षं त्याला खिळ्याला टांगून ठेवलं आहे. मी घाबरले, खरंच घाबरले, आणि फडकं घेऊन दुसऱ्या टाकाकडे वळले. वहिनीला मी तोंडावर खोटं सांगितलं.

काल साहेब आले. किडकिडीत, म्हातारे, फार सभ्य. मला पाहून मराठीत "सलाम" म्हणाले. कपाटाचं दार उघडलं आणि त्यांचा चेहरा पडला. खिशातून भिंग काढून एकेक टाक बघितला, मग पाळकसाहेबांशी इंग्रजीत बोलले. पाळकसाहेब लाल होऊन माझ्याकडे वळले.

"हे तुम्ही केलंत? साहेब म्हणतात, शंभर वर्षांचं जे काही यांच्यावर होतं ते गेलं. हे आता बाजारातल्या नव्या मालासारखे दिसतात. म्युझियमला यांचा उपयोग नाही."

हे दाराशी टोपी चुरगाळत उभे होते. मी मनात म्हटलं, गेली खोली, गेला पगार.

मग साहेब खाली वाकले. कोपऱ्यातला तो त्यांना दिसला. त्यांनी पांढरे हातमोजे घातले आणि नुकतं जन्मलेलं मूल उचलावं तसा दोन्ही हातांनी खिळ्यावरून उतरवला. भिंगातून तो अंगठा बघितला आणि इतके हसले की त्यांचे डोळे भरून आले. माणूस वाईट नाही गं. म्हणाले, हा एकच खरा राहिला आहे, हा मी नेतो. बाकीचे ज्यांचे त्यांना द्या नाहीतर ठेवा.

त्यांनी मला एक फोटोही दाखवला. काचेची लांबच लांब पेटी, आत ब्रह्मदेशाचे, आफ्रिकेचे, कुठकुठले देव ओळीने, प्रत्येकाच्या गळ्यात नंबर. आपल्याकडून तेव्हा गेलेले टाक एका बाजूला, आणि त्यांच्या शेजारी थोडी मोकळी जागा. पाळकसाहेबांनी समजावलं, "साहेब म्हणतात, तिथे याचे भाऊबंद आहेत. तिथे याला कुणी कधी हात लावणार नाही." साहेबांना वाटलं मला बरं वाटेल. मला त्या मोकळ्या जागेचंच भय वाटलं.

पाळकसाहेबांनी टाक कापसात गुंडाळून डबीत ठेवला आणि डबी कपाटात, माझ्याकडून कुलूप लावून घेतलं पण किल्ली मागायची विसरले. जाताना ह्यांना बजावलं, "आता याला बोट जरी लागलं तरी तुम्ही दोघांनी खोली खाली करायची." साहेब नगरला गेले आहेत, आज दुपारी येऊन डबी नेणार.

गावात बातमी पोचायला काय लागतं? तिन्हीसांजेच्या आत झुंबरवहिनी पायरीवर येऊन बसली. मला वाटलं शिव्या देईल. तिने हाताचे घट्टे चोळले आणि म्हणाली, "ज्यांना ज्यांना तू आंघूळ घातलीस, ते समदे वाचले. आमचा तेवढा तू घासला न्हाईस." मग म्हणाली, "ऱ्हाऊ दे. मच्छिंद्राच्या लग्नात बी सुपारीच ठिवू, सवय हाय." मी तिला पाणी दिलं. ते तिने निम्मंच प्यायलं, निम्मं दाराशी तुळशीसारख्या लावलेल्या माझ्या सब्जाला घातलं आणि गेली.

आज सकाळी मी ह्यांना सगळं सांगितलं. खोटंही सांगितलं, अंगठाही सांगितला आणि माझ्या मनात काय आहे तेही. ह्यांनी उरलेली भाकरी फडक्यात बांधली. मग म्हणाले, "मिलो काय, खडी फोडूनबी मिळतोच." आणि झिऱ्यावर पाण्याला गेले, रोज एक हंडा आणतात, आज दोन घेऊन.

किल्ली अजून माझ्याकडेच आहे. मी आत्ता डबी उघडून समोर ठेवली आहे. मघाशी पणजीच्या अंगठ्यावर माझा अंगठा धरून बघितला. टेकवला नाही, नुसता वर धरला. तिचा माझ्याएवढाच होता. अक्का, तो ठसा राखायचा तर देव विलायतेला जाणार, आणि देव राखायचा तर तो ठसा मलाच पुसायला हवा. तिचं एवढंच काय ते उरलंय, तिचा ना फोटो आहे ना थडगं. साहेब तो जपतील, माझ्यापेक्षा शंभरपट नीट जपतील, हे मला पक्कं ठाऊक आहे. आणि तरी तिथे त्याला कुणी पुन्हा हळद लावणार नाही. मी लावीन असंही नाही, मी कशी लावणार? पण वहिनी लावील. फाल्गुनात मच्छिंद्राची बायको लावील, तिच्या नव्या हातांनी.

भीती गेली असं मुळीच समजू नकोस. पाळकसाहेब काय म्हणतील, रविवारी कुठल्या बाकावर बसायचं, पावसाळ्यात डोक्यावर काय असेल, सगळ्याची आहे. वरच्यालाही विचारून पाहिलं. घाईत अक्षर असं आलंय, तुझ्या डॉक्टरांच्यासारखं.

वाटीत चिंच भिजली आहे. पाणी आलं की बसते.

तू उत्तर लवकर लिही. बंगल्याच्या पत्त्यावर मात्र पाठवू नकोस, झुंबरवहिनीच्या घरी पाठव.

तुझीच,
भागूबाई